टेप कुणाच्या, सिनेमा कुणाचा?

मामांच्या मते माहितीपट हा धंदाच नाही. भाची म्हणते, धंदाच आहे, फक्त त्याचं भांडवल डोळ्यांना दिसत नाही. मामांचा नांदेडच्या वजिराबादेत फोटो-व्हिडिओ स्टुडिओ आहे. भाची तिथल्याच विद्यापीठात माध्यमशास्त्र शिकली, आता लातूरला राहून माहितीपटांचं संकलन करते आणि अलीकडे स्वतःच निर्मातीही झाली आहे. दोघांची नावं सांगायची गरज नाही. असे मामा आणि अशा भाच्या या दोन्ही शहरांत सापडतात, आणि लगीनसराई संपून हात जरा मोकळे झाले की त्यांचा वाद नव्याने पेटतो.

यंदा तो पेटला एका थकलेल्या बिलावरून. भाचीने एका संस्थेसाठी माहितीपट कापून दिला. पैसे हप्त्यांनी यायचे होते, शेवटचा हप्ता अडकला.

"इसार किती घेतला होतास?" मामांनी विचारलं.

"थोडा."

"लग्नाच्या ऑर्डरला आम्ही अर्धे पैसे आधी घेतो. लग्न मोडलं तरी आमचं नुकसान नाही. तुझ्या धंद्यात हे कामून चालत नाही?"

"चालतं. मीच मागितले नाहीत."

"मग ही कला नाही माय, ही भीड आहे."

मामांना आपल्या व्यवसायाच्या इतिहासाचा अभिमान आहे, आणि वादात तो ते हत्यारासारखा वापरतात. भारतीय माणसाने काढलेल्या पहिल्या फिल्मांपैकी एक एका फोटो स्टुडिओवाल्याने काढली, हे त्यांचं म्हणणं खरंच आहे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांचा मुंबईत स्टुडिओ होता. त्यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधली एक कुस्ती चित्रित केली. १९०१च्या डिसेंबरात रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताची फिल्मही सावेदादांनीच घेतली. आपल्याकडच्या माहितीपटाचा इतिहास बहुधा इथूनच सुरू करतात.

"म्हणजे पहिला माहितीपट मराठी माणसाने केला आणि तोही स्टुडिओवाल्याने," भाची म्हणाली. "मग मला कशाला अडवता?"

"पुढचं पान वाच की. सावेदादा नंतर गेईटी थिएटर चालवायला लागले. काढणारा उपाशी, दाखवणारा तुपाशी, हे तवापासून चालू आहे."

मामांचा दुसरा आक्षेप वेळेवर आहे. त्यांच्याकडे लग्नाचं मिक्सिंग ठरलेल्या मुदतीत होतं. पेनड्राइव्ह, अल्बम, वर दोन रील. भाची एका तासाच्या फिल्मसाठी महिनोन्‌महिने टेबलावर बसते. कापायला इतका वेळ लागतो म्हणजे शूटिंगच चुकलं असणार, असा त्यांचा हिशेब.

"मामा, तुमच्या फिल्मचा क्रम गुरुजी ठरवतात. हळद, सीमांतपूजन, अक्षता, पंगत, पाठवणी. मला ते कुणी ठरवून देत नाही."

कथापटात संकलकाच्या हातात पटकथा असते. दृश्य कुठे बसणार हे चित्रीकरणाआधीच बरंचसं ठरलेलं असतं. माहितीपटात पटकथा बहुतेक वेळा टेबलावरच लिहिली जाते. आधी सगळं फुटेज पाहून त्याची नोंद, म्हणजे लॉगिंग. मग मुलाखती शब्दन्‌शब्द उतरवून घेणं. मग कामाचे तुकडे वेगळे काढून त्यांची सैल माळ, त्यातून रफ कट, तो चार लोकांना दाखवून फाइन कट. एकदा 'पिक्चर लॉक' झालं की आवाज, रंग आणि सबटायटल. मध्येच कुठेतरी कळतं की ज्याला नायक समजून वर्षभर चित्रित केलं तो माणूस फिल्ममध्ये दोनच मिनिटं उरणार आहे, आणि चहा घेऊन येताना एकदाच बोललेल्या त्याच्या बायकोवर फिल्म उभी राहणार आहे. हा शोध फुटेज पाहिल्याशिवाय लागत नाही, आणि फुटेज पाहायला जितक्या तासांचं ते आहे तितके तास तरी लागतातच.

"आणि हे तास कोण देतं?" मामांनी विचारलं.

"बिलात 'एडिटिंग' लिहिलेलं असतं, त्यात ते दिसत नाहीत."

"मग वेगळे लिही. लॉगिंगचे वेगळे, लिहून काढायचे वेगळे, सबटायटलचे वेगळे. कितीदा बदल करून देणार तेही लिही. आम्ही अल्बमच्या पानांचे पैसे मोजतो, तू तुझ्या झोपेचे तरी मोज." मग जरा हसून, "आयकरवाले तर तुला कलाकार मानतात म्हणे."

तेही खरं. आयकराच्या नियमांत 'फिल्म आर्टिस्ट'ची जी व्याख्या आहे, तिच्यात नट, कॅमेरामन आणि दिग्दर्शक यांच्याबरोबर संकलकही आहे. हिशेबाच्या वह्या ठेवण्यापुरता का होईना, वकील-डॉक्टरांच्या रांगेत हा पेशा बसवलेला आहे. त्या रांगेतले बाकीचे लोक फी आधी घेतात, एवढंच मामांना सुचवायचं होतं.

लातूरला राहून पैसे कसे मिळवावेत याचीही मामांकडे तयार योजना आहे. 'लातूर पॅटर्न'मुळे हे शहर राज्यभर शिकवणीचं गाव म्हणून ओळखलं जातं. बारावीचे, नीटचे निकाल लागले की क्लासवाल्यांना होर्डिंग लागतं आणि रीलही लागतं. निवडणुका आल्या की उमेदवारांच्या फिल्मा. "हे कर, बाकीच्या वेळात तुझं समाजकार्य कर," असा त्यांचा सल्ला.

भाची ही कामं करते. तिला त्यात कमीपणा वाटत नाही, आणि तिच्याजवळ त्याला आधारही आहे. दीपा भाटिया या हिंदी चित्रपटांच्या नामवंत संकलक. 'तारे जमीन पर' त्यांनीच संकलित केला. हीच कामं करता करता त्यांनी पत्रकार पी. साईनाथ यांच्याबरोबर फिरून शेतकरी आत्महत्यांवर 'नीरोज गेस्ट्स' हा माहितीपट केला. तो २००९ मध्ये आला. त्याही आधीचं उदाहरण रीना मोहन यांचं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलन शिकलेल्या रीना मोहन यांनी 'कमलाबाई' केला. १९१३च्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये काम केलेल्या, चंद्रकांत गोखल्यांच्या आई आणि विक्रम गोखल्यांच्या आजी असलेल्या कमलाबाई गोखले उतारवयात कॅमेऱ्यासमोर मनमोकळं बोलतात, ती ही फिल्म. तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दोघींनी आधी दुसऱ्यांच्या फिल्मा कापल्या, मग स्वतःची उभी केली.

"दीपाताईंना मोठ्या बॅनरचे पिच्चर होते. तुला काय आहे?"

"मला क्लासवाल्यांची जाहिरात आहे. माझा 'तारे जमीन पर' तोच."

मामा हसले, पण मुद्दा सोडला नाही. संकलक म्हणून पैसे मिळतात हे त्यांना मान्य आहे. त्यांना खटकतं ते निर्मातीपण. दुसऱ्याचं काम करून कमावलेलं स्वतःच्या फिल्ममध्ये घालायचं आणि ती परत कुणी विकत घ्यायची नाही, हा व्यवहार त्यांच्या डोक्यात बसत नाही.

इथे भाचीने आनंद पटवर्धनांचं नाव काढलं. पटवर्धन अनेक फिल्मांचे दिग्दर्शक, निर्माते आणि संकलक स्वतःच असतात. १९८५च्या 'बॉम्बे : हमारा शहर'मध्ये त्यांनी मुंबईतल्या झोपडपट्ट्या चित्रित केल्या, त्यात शाहीर विलास घोगरे गाताना दिसतात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० माणसं मारली गेली आणि काही दिवसांतच घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांनी तेव्हा सुरू केलेलं काम 'जय भीम कॉम्रेड' या नावाने २०११ मध्ये पुरं झालं. तीन तासांहून लांब असलेल्या त्या फिल्ममध्ये घोगरे पुन्हा गातात, कारण जुनं फुटेज पटवर्धनांचं स्वतःचं होतं. कुणाकडे अर्ज करायचा नव्हता, कुणाला रॉयल्टी द्यायची नव्हती.

"हे माझं भांडवल, मामा. आज विकत नाही म्हणून ते कचरा होत नाही. पण माझ्या नावावर असेल तरच."

"तुझ्याच कॅमेऱ्याने काढलं तर तुझंच की."

"नाही ना. तिथेच तर सगळी गोम आहे."

भारताच्या १९५७च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा 'कर्ता' निर्माता असतो. संकलकाने वर्षभर डोळे फोडले तरी वेगळा करार नसेल, तर फिल्मवर त्याचा कायदेशीर हक्क उरत नाही. त्याच कायद्याचं कलम १७ त्याच्याही पुढे जातं. कुणी पैसे देऊन सांगितलं म्हणून फिल्म बनली असेल आणि उलटा करार नसेल, तर पहिला मालक पैसे देणाराच. संस्थेने बनवून घेतलेला माहितीपट संस्थेचा, साखर कारखान्याने बनवून घेतलेला कारखान्याचा. त्यामुळे एखादा संकलक आयुष्यभर उत्तम काम करूनही रिकाम्या हाताने निवृत्त होऊ शकतो. श्रेयनामावलीत नाव असतं, मालकीच्या कागदावर नसतं. भाची आता कामाच्या पत्रात एक ओळ घालते: अंतिम फिल्म तुमची, न वापरलेलं फुटेज माझं. काही संस्था मान्य करतात, काही करत नाहीत. मान्य न करणाऱ्यांकडून ती जास्त पैसे मागायला शिकली आहे.

मामांचा चेहरा यावर जरा बदलला. त्यांच्या डोक्यात एक कपाट आलं होतं.

नांदेडला येण्याआधी मामांचा जम औशात होता. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी त्यांनी व्हीएचएस कॅमेरा घेतला आणि तालुक्यातली, शेजारच्या उमरगा भागातली लग्नं काढली. मास्टर कॅसेट त्यांनी कधी पुसल्या नाहीत. त्यातली काही लग्नं किल्लारी परिसरातली आहेत. ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे, गणपती विसर्जनाच्या रात्रीनंतर, तिथे भूकंप झाला. सुमारे ८,००० माणसं गेली. दगड-मातीच्या जाड भिंती आणि वर मातीचं जड माळवद, अशी घरं झोपलेल्या माणसांवर कोसळली. लातूर आणि धाराशिव जिल्ह्यांतल्या ५२ गावांचं पुढे नव्या जागी पुनर्वसन झालं. ती जुनी घरं, त्या गल्ल्या, वेशीपासून निघालेली वरात आणि माळवदावर दाटीने उभ्या राहिलेल्या बाया मामांच्या टेपांवर आहेत. जे गाव त्या जागी आता नाही, ते तिथे हलतं-बोलतं आहे.

भाचीला या टेपांचा माहितीपट करायचा आहे. मामांना कल्पना आवडली आहे, पण टेप आपल्या आहेत असं ते धरून चालले होते.

"टेपची डबी तुमची. आतलं चित्र ज्यांनी लग्नाचे पैसे दिले त्यांचं. तसा काही करार केला होता का?"

"तवा कसला करार? पावती दिली तरी लई."

"मग त्या घरांत जावं लागेल. जे वाचले त्यांच्याकडे, नाहीतर वारसांकडे. संमतीपत्र घेतल्याशिवाय मी एक फ्रेम लावणार नाही."

"आणि कुणी नाही म्हणलं तर?"

"तर ते लग्न फिल्ममध्ये नाही."

यात घाईही आहे. चुंबकीय टेप कायम टिकत नाही. दमट जागेत तिला बुरशी धरते, थर सुटतो. शिवाय ती वाजवायला यंत्र लागतं. जगात व्हीसीआर बनवणारी शेवटची कंपनी, जपानची फुनाई, हिनेही २०१६ मध्ये उत्पादन थांबवलं. चालू व्हीसीआर आता जुन्या बाजारात शोधावा लागतो, आणि त्याचं हेड साफ करता येणारा कारागीर त्याहून दुर्मीळ. टेप खऱ्या वेळेतच उतरवावी लागते, तीन तासांची कॅसेट तीन तासच खाते. त्यानंतर फाइल एका नव्हे, निदान दोन डिस्कवर, शक्यतो दोन गावांत ठेवायची. एक लातूरला, एक नांदेडला, हे मात्र दोघांचं एका बैठकीत ठरलं.

पुढचा वाद जुना आहे: हे सगळं करायचंच असेल तर पुण्या-मुंबईला का नाही?

मामांकडे याला आधार आहेत. फिल्म इन्स्टिट्यूट पुण्यात, १९९०पासून भरणारा 'मिफ' हा माहितीपटांचा महोत्सव मुंबईत, सरकारची फिल्म्स डिव्हिजन मुंबईत होती आणि २०२२ मध्ये ती ज्यात विलीन झाली ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळही (एनएफडीसी) मुंबईतच. परदेशी निधीचे अर्ज इंग्रजीत. 'ऑल दॅट ब्रीद्स'सारखी दिल्लीत घडणारी फिल्म ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेली, तर तिच्या संकलकांमध्ये डेन्मार्कच्या शार्लट मुन्क बेंगट्सन होत्या. "तिथपर्यंत पोचायला माणसं ओळखीची लागतात. ती औशाच्या बस स्टँडवर भेटत नाहीत."

भाची याला सरळ नाही म्हणत नाही. ओळखींचा तोटा तिला रोज जाणवतो. ती फायद्याची बाजू सांगते. नांदेड-लातूरच्या पट्ट्यात एका फुटेजमध्ये किती बोली येतात! देगलूर-बिलोलीकडे मराठीत तेलुगू मिसळते, उदगीरला दखनी उर्दू आणि कन्नड, तांड्यावर गोरबोली, गुरुद्वाऱ्याच्या परिसरात पंजाबी. भाषा न येणारा संकलक उतरवलेल्या कागदावरून कापतो. वाक्य कागदावर संपलं की तो कट मारतो. माणूस मात्र त्यानंतर गप्प राहून एक शब्द टाकतो आणि सगळा अर्थ त्या शब्दात असतो. असे कापलेले शेवटचे शब्द तिने दुसऱ्यांच्या रफ कटमध्ये पाहिले आहेत आणि मूळ फुटेजमधून परत आणून लावले आहेत.

दुसरा फायदा राहण्याचा. १२ एप्रिल २०१६ रोजी मिरजेहून पाण्याची पहिली रेल्वे लातूरला आली: १० टाक्या, ५ लाख लिटर. स्टेशनवर देशभरचे कॅमेरे होते. पाऊस पडला, गाडी थांबली, कॅमेरे गेले. "मांजरा धरण भरल्यावर लातूर पाण्याचं काय करतं, हे दाखवायला कुणी थांबलं का? मी थांबले, कारण मला जायचंच नव्हतं."

"थांबलीस खरी. पण ते बघतंय कोण?"

हा मामांचा सगळ्यात भारी प्रश्न. त्यांच्या पिढीने माहितीपट पाहिला तो सिनेमाआधीच्या फिल्म्स डिव्हिजनच्या सक्तीच्या रिळात. तेवढ्या वेळात लोक बाहेर पान खाऊन यायचे. आज सक्ती नाही, पण थिएटरही नाही. सार्वजनिक प्रदर्शनाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं आणि त्यात अडकलं तर न्यायालय. पटवर्धनांच्या 'जंग और अमन'ला सेन्सॉरने कट सुचवले. २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती विनाकट दाखवायला परवानगी दिली. १९९५ची त्यांची 'फादर, सन अँड होली वॉर' दूरदर्शनने दाखवावी म्हणून प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि निकाल लागला २००६ मध्ये. "आपल्याला तालुका कोर्टाची पायरी परवडत नाही," मामा म्हणाले.

भाचीकडे यावर मोठं उत्तर नाही, छोटी उत्तरं आहेत. २००४च्या 'मिफ'साठी भारतीय फिल्मांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घातली गेली, तेव्हा माहितीपटकारांनी 'विकल्प' नावाने समांतर महोत्सव भरवला. दिग्दर्शिका सुमित्रा भावे मूळच्या समाजशास्त्राच्या. १९८५ मध्ये त्यांनी केलेला 'बाई' हा लघुपट झोपडपट्टीतल्या बायकांच्या अभ्यासातून आला. 'जय भीम कॉम्रेड' वस्त्यांमध्ये पडदा लावून दाखवला गेला. यांतल्या कुणी आधी थिएटर मिळायची वाट पाहिली नाही. भूकंपाची फिल्म पहिल्यांदा पुनर्वसित गावांतच दाखवायची, हे भाचीने ठरवून टाकलं आहे. नंतर महोत्सव, नंतर यूट्यूब, आणि पाच-सात वर्षांनी कुणाला भूकंपाआधीच्या खेड्याचं चित्र हवं असेल तर फुटेजची विक्री. शेवटच्या बाबीवर मामांनी पहिल्यांदा मान डोलावली.

"मग मला निर्माता कर."

"निर्माता म्हणजे पैसे घालणारा आणि जबाबदारी घेणारा. व्हीसीआर दुरुस्ती, डिस्क, गावांत फिरायचं पेट्रोल. अर्धं घालणार का?"

"घालतो. पण कागद कर. तुझी भीड मला माहीत आहे, माझ्याशी तरी करू नको."

कागद झाला आहे. खर्च निम्मा-निम्मा, नव्या चित्रीकरणाचा हक्क दोघांचा, जुन्या टेपांचा ज्या त्या कुटुंबाचा आणि वापर फक्त लेखी संमतीने. एक कलम मात्र कोरं आहे. संमती देणाऱ्या घराला त्यांच्या लग्नाची डिजिटल प्रत फुकट द्यायची, असं भाचीचं म्हणणं. मामा म्हणतात, फुकट दिलेल्या वस्तूची लोक किंमत करत नाहीत, निदान पेनड्राइव्हचे तरी घ्यायचे. भाची म्हणते, ज्या घरातले चौघे त्या टेपवरच उरले आहेत, त्या घरातून पेनड्राइव्हचे पैसे मागायला मामांनी स्वतः जावं. मामा म्हणतात, जाईन, पण पैसे घ्यायचे की नाही ते तिथे गेल्यावर ठरवीन. कागदावर असं लिहिता येत नाही, म्हणून ते कलम अजून तसंच आहे.